एकटीनं?

'व्हिलेज रॉकस्टार्स'ची श्रेयनामावली पाहताना मनात आधी काय आलं, ते सांगायला लाज वाटते. लेखन, दिग्दर्शन, छायाचित्रण, संकलन, निर्मिती, सगळीकडे रीमा दास. मला वाटलं, दुसरं कोणी मिळालं नसेल! मग मी खोट काढायला बसलो. शॉट हलतोय का, फोकस सुटतोय का. दोन-चार चुका सापडल्या असत्या, तर मला एवढं बरं का वाटणार होतं?

माझी सबब धोक्यात आली होती, म्हणून. निर्माता नाही, युनिट नाही, धड कॅमेरा नाही, हे पालुपद मी वर्षानुवर्षं स्वतःलाच ऐकवत आलोय. आणि ही आसामातल्या छयगावची मुलगी. पुण्यात समाजशास्त्र शिकली, अभिनयासाठी मुंबईत आली, फिल्मस्कूलची पायरी चढली नाही. कॅनन 5डी घेऊन आपल्याच गावात परतली आणि शूटिंगला लागली.

मग मी दुसरी पळवाट काढली. तिला चमत्कार ठरवून टाकलं. जिद्द, एकहाती, हरहुन्नरी... हे शब्द लिहायला कष्ट पडत नाहीत. चमत्काराला हात जोडले की आपण सुटलो. पण या सगळ्यात सिनेमा पाहिला होता का मी?

पुन्हा पाहिला. पोरांच्या बँडची वाद्यं थर्माकोलची. त्यांच्यातल्या धुनू या मुलीला मात्र खरी गिटार हवीय. मग पूर येतो, शेत पाण्याखाली जातं. हा पूर खरा आहे, तो शूटिंगच्या तारखा बघून येत नाही. तीस-चाळीस माणसांचं युनिट घेऊन गेलं, तर रोजची जेवणं, गाड्या, भत्ते चालूच. पाण्याची वाट बघणार कोण? ही बाई बघू शकली. वर्षं गेली, कॅमेऱ्यासमोर पोरं मोठी होत गेली. म्हणजे सगळं स्वतः करण्यात हौसेपेक्षा हिशेबच जास्त असावा का? पैशाच्या जागी तिनं वेळ ओतला, असं आता वाटतं. तो वेळ तिला कोणी भरून दिला? निदान मी तरी नाही. मी तिकीटसुद्धा काढलं नव्हतं, आणि तिच्या काटकसरीचं कौतुक मात्र मीच करत होतो.

'एकटीनं' हा शब्दही मी न तपासताच वापरत होतो. 2018 मध्ये या चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं, संकलनाचंही मिळालं. तेवढं मला पाठ होतं. त्याच यादीत बालकलाकार म्हणून भनिता दास होती. आणि लोकेशनवरच्या ध्वनिमुद्रणाचं पारितोषिक रीमाची नात्यातली बहीण मल्लिका दास हिला होतं.