लागलेल्या हाताचा दोष

हेतूवाचून घडलेल्या स्पर्शाचा दोष कोणाकडे जातो, हा प्रश्न भारतीय दर्शनांत जुना आहे. त्याआधी, नुसता संपर्क म्हणजे जाणता स्पर्श का, हे पाहायला हवे. न्यायदर्शनानुसार सन्निकर्ष, म्हणजे इंद्रियाचा विषयाशी येणारा संबंध, ज्ञानाला आवश्यक असला तरी मन त्या इंद्रियाशी जोडलेले नसेल तर ज्ञान होत नाही. बौद्ध परंपरेतही इंद्रिय, विषय आणि विज्ञान, म्हणजे जाणीव, हे तिन्ही एकत्र आले तरच त्याला स्पर्श म्हणतात.

लॅपटॉपच्या टचपॅडपाशी हा तिसरा घटक पोहोचत नाही. त्याच्या पृष्ठभागाखाली उभ्या-आडव्या वीजवाहक रेषांची बारीक जाळी असते. बोट टेकताच त्या जागेची विद्युतभार साठवण्याची क्षमता बदलते आणि तो बदल मोजून आतली चिप बोटाची जागा ठरवते. तळहात टेकला तर तो वगळावा म्हणून स्पर्शाचा आकार, त्याची जागा आणि टायपिंगची वेळ पाहिली जाते खरी, पण हा हेतूविषयीचा केवळ अंदाज असतो.

या अंदाजाची चूक कामाच्या जागी भोवते. सोलापूरजवळच्या चिंचोळी एमआयडीसीत टॉवेलचे आणि रसायनांचे कारखाने आहेत. तेथील स्टोअरमध्ये गाठी उचलून निबर झालेले बोट पॅडला नीट उमगत नाही, सोलापुरी उन्हाळ्यातल्या घामाने पॉइंटर थरथरतो आणि जाड रबरी हातमोज्यातून तर तो हलतही नाही. आवक माल नोंदवताना अंगठ्याखालचा उंचवटा पॅडला घासला की कर्सर उडी मारतो, नगाचा आकडा दराच्या रकान्यात जातो आणि बोल मात्र कारकुनाला लागतो.

हा बोल योग्य का, हे ठरवायला सोलापूरशी नाते असलेल्या जैन विचाराचा आधार घेता येतो. जीवराज जैन ग्रंथमालेने ‘तिलोयपण्णत्ती’सारखे जैन ग्रंथ याच सोलापुरातून प्रसिद्ध केले. त्या जैन परंपरेतील ‘तत्त्वार्थसूत्र’ हिंसेची व्याख्या करताना नुसत्या प्राणहानीवर थांबत नाही, तर ती प्रमादाशी, म्हणजे बेसावध वृत्तीशी, जोडते. त्यामुळे जपून पाऊल टाकणाऱ्या साधूच्या पायाखाली नकळत जीव आला तरी त्याला हिंसेचा दोष लागत नाही. चुकीची नोंद ही अर्थातच हिंसा नव्हे, परंतु दोष ठरवण्याची ही कसोटी येथेही लागू पडते, आणि ती लावली तर प्रमाद कारकुनाचा नसून, हात कसे आहेत हे न पाहता यंत्र सोपवणाऱ्यांचा ठरतो. कारखानदारांनी स्टोअरच्या टेबलावर साधा माउस द्यावा, टिचकीने क्लिक होण्याची सोय बंद करून द्यावी, आणि चुकलेल्या आकड्याचा जाब विचारण्याआधी तो पॅड स्वतः वापरून पाहावा.