मोठ्यांचे चुकते तेव्हा



जानेवारीच्या या दिवसांत रात्री नऊच्या सुमारास अंगणात उभे राहा आणि डोक्यावरून थोडे दक्षिणेकडे पाहा. एका ओळीतले तीन ठळक तारे दिसतील. हे आपले मृग नक्षत्र. जूनमध्ये ज्या मृगाच्या पावसाची आपण वाट पाहतो, तेच हे. तेव्हा सूर्य त्याच्याजवळ असतो म्हणून ते दिसत नाही. थंडीत मात्र रात्री उशिरापर्यंत आकाशात असते. ईयोबाच्या ग्रंथात परमेश्वर ईयोबाला याच तारकासमूहाविषयी प्रश्न विचारतो.

त्या तीन ताऱ्यांच्या खाली तीन फिकट ठिपके आहेत. त्यांतला मधला नीट पाहिला तर तारा वाटत नाही, धुरकट डाग वाटतो. हा मृगातील तेजोमेघ. तिथे वायू आणि धुळीतून नवे तारे जन्म घेतात. तिथून निघालेला प्रकाश आपल्यापर्यंत यायला सुमारे १,३५० वर्षे लागतात. आज आपल्या डोळ्यांत शिरणारा प्रकाश निघाला तेव्हा दक्षिणेत बदामीच्या चालुक्यांचे राज्य होते.

गॅलिलिओने दुर्बिणीतून या भागातील ताऱ्यांचे चित्र काढले, पण हा डाग त्याने नोंदवला नाही. १६१० साली फ्रान्समधील पेरेस्क यांनी तो पाहिला. त्यानंतर थोड्याच वर्षांनी योहान सिसाट या येशूसंघीय धर्मगुरूंनी १६१९ च्या आपल्या ग्रंथात त्याचे वर्णन केले. पण तो डाग नेमका कशाचा, हे कोणालाच सांगता येत नव्हते.

१८६४ साली इंग्लंडमध्ये विल्यम हगिन्स यांनी अशाच एका तेजोमेघाचा प्रकाश लोलकातून पाहिला. ताऱ्याचा प्रकाश असता तर सप्तरंगी पट्टा दिसला असता. इथे मोजक्याच तेजस्वी रेघा होत्या, त्यांतली मुख्य रेघ हिरवी. म्हणजे तो तप्त विरळ वायू होता. प्रत्येक वायूच्या रेघा त्याच्या हस्ताक्षरासारख्या असतात. पण हे हस्ताक्षर कोणाच्याच ओळखीचे नव्हते.

नॉर्मन लॉकियर हे त्या काळचे मोठे नाव. सूर्याच्या प्रकाशातील एका पिवळ्या रेघेवरून त्यांनी हेलियम हे नवे मूलद्रव्य ओळखले होते. त्यांचे म्हणणे असे की तेजोमेघ म्हणजे एकमेकांवर आदळणाऱ्या उल्कांचे थवे आहेत आणि ती हिरवी रेघ मॅग्नेशियमच्या पट्ट्याचा उरलेला भाग आहे.

पुण्यात कॉलेज ऑफ सायन्समध्ये भावनगरच्या महाराजांच्या देणगीतून वेधशाळा उभी राहिली होती. तिचे प्रमुख होते कावसजी दादाभाई नायगमवाला. लॉकियर यांचे मार्गदर्शन त्यांना लाभले होते. त्यांनी मृगातील तेजोमेघाची ती रेघ पुन्हा पुन्हा तपासली. पट्ट्याचा उरलेला भाग असता तर तिची एक कड पुसट दिसली असती. ती प्रत्येक वेळी रेखीव दिसली. १८९१ साली त्यांनी हे लंडनच्या नियतकालिकात प्रसिद्ध केले. ज्यांच्याकडून शिकलो त्यांचेच म्हणणे आपल्या निरीक्षणाशी जुळत नाही, असे एका हिंदी प्राध्यापकाने जगासमोर सांगितले.

पुढे २२ जानेवारी १८९८ रोजी खग्रास सूर्यग्रहण झाले. लॉकियर ते पाहायला कोकणात विजयदुर्गला आले. नायगमवाला आले आपल्या करमाळा तालुक्यातील जेऊरला. अमेरिकेतील लिक वेधशाळेचे कॅम्पबेलही जेऊरलाच होते. तेव्हा उजनी धरण नव्हते, भीमा आपल्या पात्रातून वाहत होती. दुपारी सुमारे दोन मिनिटे आपल्या या भागात अंधार पसरला. ज्यांचे मत पटले नव्हते ते आणि ज्यांना ते पटले नव्हते ते, असे दोघेही त्या दिवशी एकाच सावलीखाली उभे होते.

आता आमची कबुली. गेल्या वर्षी एका रविवारी उपदेशात आम्ही सांगितले की लॉकियर यांनी १८६८ चे ग्रहण विजयदुर्गच्या किल्ल्यावरून पाहिले आणि तिथेच हेलियम शोधला. मिस्सानंतर एक शाळकरी मुलगी म्हणाली, "फादर, त्या वर्षी लॉकियर भारतात आलेच नव्हते. मी पुस्तकात वाचलंय." तिची आई ओशाळली. "गप गं, फादरांना असं उलट बोलतात का?" आम्ही हसून म्हणालो, "मोठी झालीस की कळेल." नंतर आम्ही तपासले. मुलीचे बरोबर होते. त्या वर्षी लॉकियर इंग्लंडमध्ये होते. विजयदुर्गला ते आले १८९८ साली. हे कळूनही आम्ही वेदीवरून चूक दुरुस्त केली नाही. चूक अज्ञानातून झाली होती. पण नंतरचे मौन हे आमच्या अहंकाराचे होते.

तर प्रश्न असा : मोठ्यांचे चुकले असे म्हणणे हा अनादर आहे का? 'आपल्या आईबापांचा मान राख' ही देवाची आज्ञाच आहे. पण मान राखणे म्हणजे प्रत्येक गोष्टीला होकार देणे नव्हे. ज्याच्यापुढे खरे बोलायची भीती वाटते, त्याला आपण मान देत नसतो, फक्त घाबरत असतो. अॅरिस्टॉटलला आपले गुरू प्लेटो प्रिय होते, पण सत्याला त्याने वरचे स्थान दिले. संत थॉमस अक्विनास तर सांगतात की धाकट्यानेही वडीलधाऱ्याची चूक दाखवावी, मात्र उद्धटपणे नव्हे, आदराने. त्यासाठी ते संत पौलाचे उदाहरण देतात. अंत्युखियात पेत्राचे वागणे चुकले तेव्हा पौलाने त्याला तोंडावर सांगितले. तरीही ख्रिस्तसभा २९ जूनला दोघांचा सण एकत्रच साजरा करते. येत्या २५ जानेवारीला संत पौलाच्या परिवर्तनाचा सण आहे, त्या दिवशी हे आठवू या.

मात्र बोलण्यालाही नियम आहेत. नायगमवालांनी आधी तपासले, मग सांगितले. आणि सांगितले ते रेघेविषयी, माणसाविषयी नव्हे. प्रभू येशूने शिकवले की भाऊ चुकला तर आधी त्याला एकांतात भेटावे. खासगी चूक चावडीवर नेऊ नये. पण चूक सर्वांसमोर झाली असेल तर दुरुस्तीही सर्वांसमोर व्हावी. म्हणून आम्ही हे या पत्रकात लिहीत आहोत.

आणखी एक गोष्ट. मॅग्नेशियम नाही हे ठरल्यावर अनेक जण म्हणाले, हे पृथ्वीवर नसलेले नवे मूलद्रव्य असणार. त्याचे 'नेब्युलियम' असे बारसेही झाले. १९२७ साली आयरा बोवेन यांनी दाखवले की ती रेघ आपल्या श्वासातल्या ऑक्सिजनचीच आहे. दोन इलेक्ट्रॉन गमावलेला ऑक्सिजन अतिविरळ अवस्थेत असला की ती उमटते. म्हणजे लॉकियर यांची चूक दाखवणाऱ्यांनाही पूर्ण उत्तर सापडले नव्हते. दुसऱ्याचे चुकले हे सिद्ध झाले म्हणून आपले सगळे बरोबर ठरत नाही. खरे बोलणाऱ्यालाही नम्रता लागते.

बंधुभगिनींनो, हा प्रश्न आकाशातला नाही. धरणात जमिनी गेल्या, बदल्यात काही घरांना जमिनी मिळाल्या. वाटणीच्या कागदावरून एखाद्या बहिणीचे नाव वगळले जाते. धाकट्या भावाला ते ठाऊक असते. तो म्हणतो, "दादापुढं कसं बोलायचं?" आणि राखीपौर्णिमेला बहिणीसमोर मान खाली घालून बसतो. अशा घरात दादाचा मान राखला गेला असे म्हणता येईल का? उलट दादाला अन्यायातून बाहेर पडायची संधी नाकारली गेली. आधी कागद नीट पाहा, मग एकांतात दादाला भेटा, आवाज न चढवता सांगा. आणि दादांनो, धाकटा बोलायला आला तर आमच्यासारखे हसून त्याला परत पाठवू नका.

त्या मुलीची आम्ही तिच्या आईसमक्ष क्षमा मागितली आहे. पुढेही उपदेशात आमचे काही चुकले तर मिस्सानंतर थांबून सांगा. वय विचारले जाणार नाही.

ख्रिस्तात आपले,
धर्मगुरू