अचेतनाचे ऋण

खंडेनवमीस शस्त्रांची, अवजारांची व यंत्रांची पूजा करण्याचा जो शिरस्ता आपल्याकडे चालत आला आहे, त्याच्या मुळाशी एक गहन प्रश्न आहे: ज्याला सुखदुःखाची संवेदनाच नाही, अशा वस्तूविषयी मनुष्याचे काही कर्तव्य असू शकते काय? व्यवहारी मनुष्य म्हणेल की, यंत्राची निगा हा मालकाचा निव्वळ स्वार्थ होय. परंतु सार्वजनिक बागेतला माळी, हिरवळ कापण्याच्या यंत्राच्या दुरुस्तीचा खर्च व मंजुरी ही सर्वस्वी बाग खात्याची बाब असतानाही, काम सुरू करण्यापूर्वी ते यंत्र सपाट जागी उभे करून, तेलाची कांडी पुसून, पुन्हा बुडवून पातळी पाहतो, तेव्हा त्याचा कोणता स्वार्थ साधतो? मला वाटते, तो ऋण फेडीत असतो. पितृऋण मानताना पितरांना आज वेदना होते की नाही हे आपण विचारीत नाही. आपण त्यांच्याकडून घेतले, एवढेच पुरेसे असते.

मात्र या सेवेस ज्ञानाची जोड हवी. शंकरास बेल, गणपतीस दूर्वा व विठ्ठलास तुळस वाहावी हे जाणणाऱ्या समाजाला प्रत्येक इंजिनाचे तेल निराळे असते हे सांगणे कठीण जाऊ नये. हिरवळ कापण्याच्या या यंत्राचे चार-स्ट्रोक इंजिन बहुधा केवळ हवेने थंड होते, व पुष्कळदा त्यात तेल गाळण्याची सोयही नसते. म्हणून घर्षण शमविणे, उष्णता वाहून नेणे आणि काजळी पोटात घेणे, ही सारी कामे सुमारे अर्धा लिटर तेलावर येऊन पडतात. दख्खनच्या उन्हात एसएई ३० हे दाट तेल बहुधा मानवते. जेथे थंडी व ऊन यांत मोठे अंतर पडते तेथे १०डब्ल्यू-३० सोयीचे, जरी कडक उन्हात ते अधिक खर्ची पडते. अखेरचा शब्द अर्थात निर्मात्याच्या पुस्तिकेचा. दोन-स्ट्रोक इंजिनात तेल पेट्रोलातच मिसळावे लागते, तेथे हा न्याय लागू नाही. भक्तीच्या भरात कांडीवरील खुणेच्या वर ओतलेले तेलही फेसाळते व धूर करते. सेव्याचा स्वभाव न जाणता केलेले औदार्य त्याला बाधते.

नव्या यंत्राचे भाग परस्परांत बसताना धातूचे सूक्ष्म कण झडतात, म्हणून पहिले तेल साधारणतः ५ तासांच्या कामानंतरच बदलतात, व पुढे दर ५० तासांनी किंवा हंगामातून एकदा. आपल्याकडे गवत वाढते पावसाळ्यात, आणि यंत्राचे कष्ट ओसरू लागतात ते आश्विनात, म्हणजे नेमके खंडेनवमीच्या सुमारास. त्या दिवशी इंजिन काही मिनिटे चालवून बंद करावे, आणि काजळी तळाशी बसण्यापूर्वी कोमट तेल काढून घ्यावे. ते कुंपणाच्या मुळाशी ओतणारा मनुष्य एक ऋण फेडून मातीचे दुसरे डोक्यावर घेतो. म्हणून ते झाकणाच्या डब्यात भरून, जुने तेल शुद्धीकरणासाठी नेणाऱ्याच्या स्वाधीन करावे.