सूट कशासाठी द्यावी?

वाहनांची बांधणी कशी असावी आणि त्यांत कोणती उपकरणे असावीत, याचे नियम करण्याचा अधिकार मोटार वाहन कायदा, 1988 च्या कलम 110 ने केंद्राला दिला आहे. त्याच कलमाने त्या नियमांतून सूट देण्याची मुभाही केंद्राला आणि, ठरावीक अटींवर, राज्यांना दिली आहे. वेगनियंत्रक, जीपीएस किंवा पॅनिक बटण यांतून बसमालक सवलत मागतात, ती मागणी त्यामुळे बेकायदा नाही. ती कोणत्या कारणासाठी मान्य करायची, एवढाच वाद आहे. माझ्या मते वाहनाच्या कामासाठी दिलेली सूट रास्त असते, मालकाच्या खर्चासाठी दिलेली नसते. अग्निशमन बंब, रुग्णवाहिका आणि पोलिसांच्या गाड्या वेगनियंत्रकाच्या नियमातून वगळल्या आहेत, कारण त्यांना वेग लागतो तो कोणाचा तरी जीव वाचवण्यासाठी. रात्री छत्रपती संभाजीनगरहून पुण्याला किंवा नागपूरला निघणाऱ्या स्लीपर कोचला असे कोणतेही काम नसते.

उघड सूट क्वचित मिळते. मुदतवाढ मात्र सहज मिळते, आणि प्रवाशाच्या दृष्टीने दोन्ही सारख्याच. डिसेंबर 2012 मध्ये दिल्लीत एका खासगी बसमध्ये तरुणीवर झालेल्या अत्याचाराने देश हादरला. प्रवासी वाहनांत ठिकाण कळवणारे यंत्र आणि पॅनिक बटण बसवण्याचा नियम निघाला नोव्हेंबर 2016 मध्ये. तो 1 एप्रिल 2018 पासून लागू व्हायचा होता. प्रत्यक्षात नव्या गाड्यांसाठी 1 जानेवारी 2019 ही तारीख ठरली आणि जुन्या गाड्यांचा निर्णय राज्यांवर सोपवला गेला. सहा वर्षे गेली, तीही फक्त नव्या गाड्यांपुरती.

अपघात उपकरणांच्या अभावी होत नाहीत, ते चालकाच्या चुकीने किंवा रस्त्यामुळे होतात, असे मालक म्हणतात. यात तथ्य आहे. ऑक्टोबर 2023 मध्ये वैजापूरजवळ समृद्धी महामार्गावर छोटी बस ट्रकवर आदळून 12 जण गेले, त्याचे खापर उपकरणांवर फोडता येणार नाही. पण अपघात झाल्यानंतर मृत्यू टाळायला जो थोडा अवधी उरतो, बरीचशी उपकरणे त्या अवधीसाठीच असतात. 1 जुलै 2023 च्या पहाटे सिंदखेडराजाजवळ नागपूरहून पुण्याला निघालेली बस दाराच्या बाजूवर उलटली आणि पेटली. दार खाली दबले होते. 25 प्रवासी आत जळाले. वाचले ते मोजके लोक काच फोडून बाहेर पडले. त्याच्या आदल्या वर्षी, 8 ऑक्टोबर 2022 ला, नाशिकमध्ये औरंगाबाद रस्त्यावर यवतमाळहून मुंबईला जाणारी बस धडकेनंतर पेटली. तिथेही डझनभर माणसे गेली. संकटकालीन दरवाजा, काच फोडायची हातोडी आणि आग विझवायची यंत्रणा यांची किंमत अशा क्षणी कळते. चीनमध्ये स्लीपर बसमधील आगीत 2011 साली 41 जण दगावले आणि पुढच्याच वर्षी तिथे अशा नव्या बसची नोंदणी थांबली. आपण बंदी नव्हे, फक्त बाहेर पडायची वाट मागतो आहोत.

खर्चाचा आक्षेप जास्त गंभीर आहे. एक-दोन गाड्या कर्जावर चालवणाऱ्या मालकाला प्रत्येक नवे यंत्र म्हणजे नवा हप्ता. मान्यताप्राप्त विक्रेते मोजके असले की किंमत वाढते आणि बिघाड झाला तर दुरुस्तीला कोणी येत नाही. ही तक्रार सरकारने ऐकलीच पाहिजे. तिच्यावर उपाय वाहनकरात सवलत, किमतीवर नियंत्रण आणि जिल्ह्याच्या ठिकाणी दुरुस्तीची सोय हा आहे. जुन्या गाड्यांत बदल शक्य नाही, हा दावा तर आपल्याच छत्रपती संभाजीनगर शहरात खोटा ठरला आहे. तोट्यातल्या एसटी महामंडळाने चिकलठाण्याच्या कार्यशाळेत जुन्या चॅसीवर ॲल्युमिनियमऐवजी पोलादी सांगाड्याच्या बस बांधल्या.

पासिंगपुरता वेगनियंत्रक जोडायचा आणि नंतर त्याची तार काढायची, हा प्रकारही चालतो. मग नियमाचा उपयोग काय, असे विचारले जाते. त्याचे उत्तर रस्त्यावरची तपासणी हे आहे. नियमच काढून टाकला तर प्रामाणिक मालकाचे तेवढे नुकसान होते.

राज्याच्या परिवहन विभागाकडे म्हणून एक मागणी आहे. सूट किंवा मुदतवाढ द्यायचीच असेल, तर तिचे कारण आणि शेवटची तारीख आदेशासह जाहीर करा, आणि त्या बसच्या तिकिटावर कोणते उपकरण नाही ते मराठीत छापणे सक्तीचे करा.