केतेवानचा हात

जुन्या गोव्यातल्या संत ऑगस्टीनच्या पडक्या मठात एका राणीच्या हाताचं हाड ठेवलं आहे, असं पोर्तुगीज कागदपत्रं सांगत होती. राणीचं नाव केतेवान. ती जॉर्जियातल्या काखेतीची. इराणच्या शाह अब्बासाने तिला वर्षानुवर्षं ओलीस ठेवलं. ख्रिस्ती धर्म सोडायला ती तयार झाली नाही, म्हणून १६२४ साली शिराझमध्ये तिला हालहाल करून मारलं. ऑगस्टिनियन पाद्र्यांनी तिच्या अस्थी मिळवल्या आणि त्यातल्या काही १६२७ मध्ये गोव्यात आणल्या.

१८४२ मध्ये मठाच्या चर्चचं छत कोसळलं आणि राणीचा हात ढिगाऱ्यात हरवला. कागदपत्रांतल्या खुणांवरून शोध घेत पुरातत्त्व खात्याला २००४ च्या सुमारास एक हाड सापडलं. हैदराबादच्या सीसीएमबी या संशोधन संस्थेने त्याचा डीएनए तपासला. हाडातला मातृवंश बावीस हजारांहून अधिक भारतीयांच्या नमुन्यांत कुठेच नव्हता; जॉर्जियातल्या लोकांत मात्र तो आढळला. २०२१ मध्ये भारताने या अवशेषांचा एक भाग जॉर्जियाला सन्मानाने दिला.

हाड कुणाचं, याचं इतकं सबळ उत्तर मिळालं याचा मला मनापासून आनंद आहे. पण मला छळणारा प्रश्न प्रयोगशाळेच्या कक्षेतला नाही. केतेवानचा हात ज्या शहरात भक्तिभावाने जपला गेला, त्याच शहरात १५६० पासून इन्क्विझिशनचं, म्हणजे धर्माविरुद्धच्या अपराधांना शिक्षा देणारं चर्चचं न्यायालय होतं. आमचा कुलदेव मंगेश त्याच काळात कुशस्थळीहून नदीपार प्रियोळला न्यावा लागला. आपला देव सोडायचा नाही, एवढंच आमच्या पूर्वजांचंही म्हणणं होतं. शिराझमध्ये ज्या नकाराला हौतात्म्य म्हटलं, त्याच नकाराला मांडवीकाठी हट्ट आणि अपराध ठरवलं गेलं.

हा दोष एकाच धर्माचा नाही. आपल्या बाजूने मेलेला तो हुतात्मा आणि समोरच्या बाजूने अडून बसलेला तो दुराग्रही, हा पक्षपात प्रत्येक धर्मात शिरतो. माझ्यातही शिरू शकतो. सदसद्विवेकबुद्धी पवित्र असेल, तर ती सगळ्यांचीच पवित्र मानावी लागेल. केतेवानपुढे नतमस्तक होणं मला सोपं आहे, तिने माझ्या देवाला नकार दिलेला नाही. माझ्या श्रद्धेची परीक्षा तेव्हा होईल, जेव्हा कुणी माझ्या देवाला शांतपणे नाही म्हणेल आणि मी त्याचा तितकाच आदर करीन.