दऱ्यांचा दर्या

फाइलचा फॉरमॅट बदलणं हे आम्ही सॉफ्टवेअरवाले काम धरतच नाही. बटण दाबायचं आणि चहा आणायला जायचं. मजकूर तोच, फक्त कपडे बदलले, असा समज असतो. मला हा समज खोटा वाटतो.

काय महत्त्वाचं, याबद्दल प्रत्येक फॉरमॅटचं स्वतःचं मत असतं. पीडीएफला पान कसं दिसतं याची काळजी. एमपीथ्री आवाजाचा जो भाग माणसाच्या कानाला जाणवणार नाही असं धरते, तो टाकून देते. म्हणजे काय गेलं तर चालेल, हे रूपांतर करताना कोणीतरी ठरवलेलं असतंच.

मराठीत तर एका पिढीचं सगळं डीटीपी या पेचात आहे. युनिकोड रुळण्याआधी जे टाइप झालं, ते संगणकाच्या लेखी मराठी नव्हतंच. आत इंग्रजी अक्षरांचे आकडे आणि वर फॉन्टने काढलेली देवनागरी चित्रं. फॉन्ट नसला की पडद्यावर नुसता कचरा. 'कि'ची वेलांटी डोळ्यांना आधी दिसते, म्हणून त्या फाइलीत ती आधी साठवलेली असते. युनिकोडमध्ये आधी क, मग वेलांटी. रफाराचं उलट: 'सूर्य'मधला र् दिसतो शेवटी, पण उच्चारात य च्या आधी येतो. जुनी फाइल युनिकोडमध्ये आणणं म्हणजे दिसण्याकडून बोलण्याकडे जाणं. मला यात अजूनही गंमत वाटते.

मालवण तालुक्यातल्या आमच्या गावच्या जुन्या स्मरणिकेची अशी एक फाइल काकांनी माझ्याकडे दिली. कन्व्हर्टरने 'डोंगर-दऱ्या'चं 'डोंगर-दर्या' करून दिलं. हिंदी डोळ्यांसमोर ठेवून बनवलेल्या त्या साधनाला आपला ऱ्या ठाऊकच नव्हता. किनाऱ्यावरच्या गावात 'दर्या' खटकतही नाही, त्यामुळे प्रूफ वाचणाराही सहज फसला असता. पण इथे उत्तर एकच होतं. मूळ पान समोर होतं, दुरुस्त केलं.

अडलं पुढच्या पानावर. मासे विकणाऱ्या एका आजीचं मनोगत, तिच्याच मालवणीत उतरवून घेतलेलं. त्यात 'हवं' या अर्थी एकदा 'होया' आणि चार ओळींनंतर 'व्हया'. आजी गेली, लिहून घेणारे मास्तरही गेले. काका म्हणाले, "एकसारखा कर सगळा. लोकांका वाचूक गावला म्हणजे झाला."

त्यांचं म्हणणं लेचंपेचं नाही. कोणाला उघडताच न येणारी फाइल कितीही अस्सल असली तरी तिचा उपयोग काय? आणि फोनवर 'व्हया' शोधणाऱ्याला 'होया' सापडणार नाही. पण एकसारखं करायचं तर कोणतं ठेवायचं? आजी दोन्ही बोलली असेल, किंवा एक तिचं आणि एक मास्तरांच्या हातचं. आणखी पन्नास वर्षांनी कोणी 'या गावात असंच बोलत' म्हणून ही फाइल पुढे केली, तर ती माझी साक्ष असेल, आजीची नाही.

मोडी वाचणाऱ्यांना हा पेच जुनाच. मोडीत ऱ्हस्व-दीर्घाचा भेद सहसा पाळलेला नसतो, पण देवनागरीत उतरवताना 'दिन' की 'दीन' हे लिहावंच लागतं. मूळ लेखकाने न घेतलेला निर्णय लिप्यंतर करणारा घेतो, आणि छापल्यावर तो त्याचा आहे हे कोणाला दिसत नाही. २०१४ पासून युनिकोडमध्ये मोडीला स्वतःची जागा आहे, त्यामुळे निदान मूळ अक्षरं तशीच ठेवता येतात. पण वाचायला माणूस लागतोच. २०२३ मध्ये कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला, तेव्हा मोडी जाणकारांना मागणी आली. त्यांनी देवनागरीत काय उतरवलं, यावर कुणाच्या तरी घरचा दाखला अवलंबून होता.

जे मुळात ठरलेलं आहे ते बिनधास्त दुरुस्त करावं. जे मुळातच दुहेरी आहे, ते आपल्या सोयीसाठी एकेरी करण्याचा हक्क मला कोणी दिला? शोधण्याची अडचण खरी आहे, पण ती शोधयंत्राला दोन्ही रूपं शिकवून सुटते; त्यासाठी आजीचं बोलणं बदलायला नको.

दोन्ही शब्द तसेच ठेवून मी युनिकोड फाइल पाठवली, सोबत जुनी फाइल आणि पानांचे फोटोही. काकांना हे अजून पटलेलं नाही. त्यांनी प्रिंट काढून तिच्यावर लाल पेनाने सगळे 'होया' खोडायला घेतलेत. ती प्रतही मी स्कॅन करून ठेवणार आहे, वेगळ्या नावाने.