बिनधन्याचा आवाज

नाशिककरांच्या कानांना गडगडाट नवा नाही. देवळालीच्या तोफखान्याचा सराव चालू असला की दूरवरच्या घरांची तावदाने थरथरतात. जेवणारा माणूस हातातला घास खाली ठेवत नाही. ओझरहून उडालेल्या एखाद्या लढाऊ विमानाने ध्वनीची गती ओलांडली तर शहर क्षणभर दचकते, ‘सुखोई असेल’ असे म्हणते आणि आपल्या उद्योगाला लागते. आवाजाला धनी सापडला की त्याचे भय ओसरते. बिनधन्याच्या आवाजाचे तसे नाही.

असा आवाज आमच्याच जिल्ह्यात आहे. कळवण तालुक्यातील दळवट व आसपासच्या आदिवासी गावांना भूकंपाचे सौम्य धक्के आणि भूगर्भातील गूढ आवाज परिचयाचे आहेत. शास्त्र याविषयी बरेच काही सांगू शकते. आपला दख्खनचा पाषाण लाव्ह्याचे थरांवर थर साचून झालेला आहे आणि त्यात भेगा आहेत. पावसाळ्याचे पाणी या भेगांत मुरले की खडकातील दाब बदलतो आणि फार खोल नसलेला एखादा भाग किंचित सरकतो. उथळ भूकंपाची पहिली लहर पृष्ठभागाशी पोचून हवेला ढकलते, आणि तिच्यातील काही कंपने माणसाच्या कानाला ऐकू येण्याइतकी जलद असतात. म्हणून पायांना कळण्याआधी कानांना कळते. कित्येकदा फक्त कानांनाच कळते. हे सारे खरे. पण उद्या काय घडेल, हे त्यातून समजत नाही, आणि मध्यरात्री अंथरुणात उठून बसलेल्या माणसाला नेमके तेच विचारायचे असते.

ज्या आवाजाचा अर्थ आपल्यालाच ठाऊक नाही, त्याविषयी भ्यालेल्या शेजाऱ्याला आपण काय सांगावे?

एक उत्तर पुरातन आहे: हा देवाचा कोप. १ नोव्हेंबर १७५५ रोजी, सर्व संतांच्या सणाच्या सकाळी, लिस्बन शहर भूकंपाने कोसळले. भाविक त्या वेळी मिस्सासाठी चर्चमध्ये जमलेले होते. येशूसंघीय धर्मगुरू गाब्रिएल मालाग्रिदा यांनी पुढच्या वर्षी पत्रक काढून हे शहराच्या पापांचे शासन आहे असे प्रतिपादन केले. १७६१ मध्ये त्यांना देहदंड झाला, तो क्रूर आणि अन्याय्य होता हेही येथे सांगितलेच पाहिजे. परंतु त्यांचा युक्तिवाद आम्हांस पटत नाही. शिलोहाचा बुरूज पडून जी अठरा माणसे मेली ती इतरांहून अधिक पापी होती काय, या प्रश्नाला प्रभू येशूने नकारच दिला आहे. वाचकांनी लूकच्या शुभवर्तमानाचा तेरावा अध्याय काढून पाहावा. पश्चात्तापाची हाक तेथे आहे, पण ती जिवंत श्रोत्यांना आहे. मेलेल्यांवर ठपका नाही.

दुसरे उत्तर आधुनिक, आणि म्हणून सभ्य वाटणारे: घाबरू नका, अफवांवर विश्वास ठेवू नका. हे पुष्कळदा खरेही ठरते. लातूर जिल्ह्यातील किल्लारीच्या परिसरात १९९२ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरात हादरे बसले, जमिनीखालून आवाज आले. लोक धास्तावले, काहींनी रात्री घराबाहेर काढल्या. मग हादरे विरळ झाले आणि माणसे आत परतली. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे, गणेशविसर्जन करून गाढ झोपलेल्या गावांवर मोठा भूकंप आला. सरकारी मोजणीनेही साडेसात हजारांहून अधिक जीव गेले. आधी कोणी खोटे बोलले होते असे आम्ही म्हणत नाही. भूकंपाचा दिवस आगाऊ सांगण्याची विद्या तेव्हा नव्हती, आजही नाही. पण ‘केव्हा होईल ते आम्हांला माहीत नाही’ आणि ‘भिण्याचे कारण नाही’ ही दोन वाक्ये एक नव्हेत. पहिले वाक्य उच्चारायला धैर्य लागते, कारण त्यात बोलणाऱ्याचे अज्ञान उघडे पडते. दुसऱ्याने ऐकणाऱ्याचा प्रश्नच काढून घेतला जातो.

शिवाय किल्लारीची माणसे भूकंपाने मेली हे अर्धेच खरे. मातीत रचलेल्या दगडांच्या जाडजूड भिंती आणि वर माळवदाचे ओझे, या घरांनीच आतल्यांना गाडले. उन्हाळ्यात गारवा देणारी तीच घरे! भिंतीच्या दोन्ही अंगांना सांधणारे लांब दगड घालणे, माथ्यावरून बांधणारी पट्टी फिरवणे, माळवदावरची माती कमी करणे, यांसाठी आवाजाचा अर्थ उलगडण्याची गरज नसते. तो ऐकला गेला, एवढे पुरते. हे काम गरिबाला एकट्याने पेलणारे नाही, हा भाग निराळा. किंबहुना आम्हांला तोच मुख्य भाग वाटतो.

सप्टेंबर २०२२ मध्ये किल्लारीपासून सुमारे २८ किलोमीटरवर, निलंगा तालुक्यातील हासोरी गावात जमिनीतून आवाज येऊ लागले. यंत्रांवर आरंभी भूकंपाची नोंद दिसेना. ज्यांनी १९९३ पाहिले होते त्यांचे भय मात्र स्मरणातून आलेले होते, आणि त्याला अडाणीपणा म्हणणे हा त्या स्मरणाचा अपमान होय. ज्याने ऐकले त्याच्याजवळ पुरावा काय, तर त्याचा कान. त्याला साक्षीदार मानायचे की घाबरट, हे बहुधा तो कोण आहे यावरून ठरते. नाशिक शहरात धमाका झाला तर दुपारपर्यंत त्याचा धनी शोधला जातो. डोंगरातल्या पाड्यावरचा आवाज पाड्यावरच राहतो.

आपल्या धर्मग्रामांतील पुष्कळ कुटुंबांचे त्या बाजूशी जाणेयेणे आहे. दळवटकडचा कोणी घरी आला आणि रात्री जमीन घुमते असे म्हणाला, तर त्याला आधी चहा द्यावा आणि विचारावे: केव्हा ऐकलेत, किती वेळ, कुठल्या दिशेने, आणि तुमच्या घराची भिंत कशाची आहे?